डेटाबेस बंद असला तरी वर्डप्रेसचं कॉन्फिग वाचता आलं पाहिजे

गणपतीचे दिवस, दिवाळी अंकांची विक्री, क्लासच्या प्रवेशाचा आठवडा. मुंबईतल्या छोट्या वेबसाइट्सवर खरी गर्दी वर्षातून अशी दोन-चार वेळाच होते, आणि नेमका तेव्हाच डेटाबेस मान टाकतो. साइट उघडली की पानावर एकच ओळ दिसते, डेटाबेसशी जोडणी होत नाही. गिरगावातल्या मंडळाचा कार्यकर्ता असो की दादरच्या प्रकाशकाकडचा ऑपरेटर, फोनवर पहिला प्रश्न ठरलेला असतो: "दादा, पासवर्ड कुणी बदलला का?"

उत्तर द्यायचं तर साइट कुठल्या सर्व्हरकडे, कुठल्या युजरनेमने आणि कुठला डेटाबेस मागायला जातेय हे आधी कळायला हवं. हे सगळं कॉन्फिग नावाच्या एका साध्या फाइलमध्ये लिहिलेलं असतं. तरीही ते वाचायला बरेच जण अशी स्क्रिप्ट वापरतात, जी आधी अख्खं वर्डप्रेस, म्हणजे साइट चालवणारं सॉफ्टवेअर, सुरू करते. वर्डप्रेस डेटाबेसकडे जातं, तिथे अडकतं आणि स्क्रिप्टही तिथेच संपते. एखाद्याचा पत्ता हवाय म्हणून त्याच्याच बंद घराचं दार वाजवण्यातला हा प्रकार आहे. कॉन्फिग वाचणं आणि डेटाबेसशी बोलणं ही दोन वेगळी कामं आहेत. ती वेगळी करून ठेवली की अडचणीच्या वेळी निदान आपले हात बांधलेले नसतात.

यासाठी सर्व्हरचं टर्मिनल किंवा सीपॅनेल (होस्टिंगचं ब्राउझरमधलं कंट्रोल पॅनेल) आणि वर्डप्रेस ज्या भाषेत लिहिलंय त्या पीएचपीची जुजबी ओळख पुरते. फायली, कमांड आणि कॉन्स्टंटची नावं इथे देवनागरीत दिली आहेत. टाइप करताना ती रोमनमध्येच करायची: फायली आणि कमांड लहान अक्षरांत, कॉन्स्टंट मोठ्या अक्षरांत.

आधी क्रम समजून घ्या

कुणी साइट उघडली की इंडेक्स.पीएचपी ही डब्ल्यूपी-ब्लॉग-हेडर.पीएचपीला बोलावते, ती डब्ल्यूपी-लोड.पीएचपीला, आणि ती डब्ल्यूपी-कॉन्फिग.पीएचपी शोधते. आधी त्याच फोल्डरमध्ये. तिथे नसेल तर एक पायरी वर, पण वरच्या फोल्डरमध्ये दुसरं वर्डप्रेस बसवलेलं नसेल तरच.

कॉन्फिग फाइलमध्ये डीबी_नेम, डीबी_युजर, डीबी_पासवर्ड, डीबी_होस्ट हे कॉन्स्टंट असतात, लॉगिनच्या सुरक्षेच्या आठ लांबलचक किल्ल्या असतात आणि टेबल_प्रीफिक्स नावाचं एक व्हेरिएबल असतं. तोवर डेटाबेसचा काही संबंध नाही. शेवटची ओळ मात्र डब्ल्यूपी-सेटिंग्ज.पीएचपी ही फाइल आत ओढते, आणि पुढचं सगळं नाट्य तिच्यात घडतं.

सेटिंग्ज फाइल आधी साइट देखभालीसाठी बंद ठेवली आहे का ते पाहते. मग डब्ल्यूपी_कॅश चालू असेल तर डब्ल्यूपी-कंटेंटमधली ॲडव्हान्स्ड-कॅश.पीएचपी चालवते. काही कॅश प्लगइन्स डेटाबेस बंद असतानाही जुनी पानं दाखवू शकतात, ती या जागेमुळे. त्यानंतर डेटाबेसची जोडणी, मग ऑब्जेक्ट कॅश, आणि प्लगइन्स व थीम त्याहून पुढे. म्हणजे आपल्याला हवी असलेली माहिती आणि डेटाबेसची जोडणी यांच्यामध्ये खरं तर कॉन्फिगमधली ती एकच ओळ आहे. आपल्याला थांबायचंय ते तिच्या अलीकडे.

इथे एक सापळा आहे. शॉर्टइनिट नावाचा कॉन्स्टंट ट्रू केला की वर्डप्रेस अर्ध्यावर थांबतं, हे खरं आहे. पण ते थांबतं डेटाबेसची जोडणी झाल्यानंतर. प्लगइन्स आणि थीम टळतात, जोडणी टळत नाही. स्क्रिप्ट हलकी करायला शॉर्टइनिट छान आहे, आपल्या कामाला त्याचा काडीचा उपयोग नाही. डब्ल्यूपी-सीएलआय या टर्मिनलवरून वर्डप्रेस हाताळण्याच्या साधनाच्या --स्किप-प्लगइन्स आणि --स्किप-थीम्स या पर्यायांचंही तसंच. वर्डप्रेस सुरू करणाऱ्या कमांडला ते लावले, तरी जोडणी होतेच.

सोपा रस्ता: डब्ल्यूपी-सीएलआय

सर्व्हरवर डब्ल्यूपी-सीएलआय असेल तर निम्मं काम झालेलंच आहे. हे साधन कॉन्फिग फाइलचा मजकूर वाचतं, त्यातली सेटिंग्ज फाइल ओढणारी ओळ गाळतं आणि उरलेला भाग चालवतं. त्यामुळे डेटाबेस ठप्प असला तरी याच्या 'कॉन्फिग' गटातल्या कमांड चालतात.

साइटच्या फोल्डरमध्ये जा आणि आधी 'डब्ल्यूपी कॉन्फिग पाथ' द्या. ही पायरी गाळू नका. एकाच होस्टिंगवर जुनी साइट, नवी साइट आणि टेस्ट साइट शेजारी शेजारी असतात, आणि आपण भलत्याच साइटचं कॉन्फिग वाचत बसतो. पाथ बरोबर आला की 'डब्ल्यूपी कॉन्फिग गेट डीबी_होस्ट', मग त्याच पद्धतीने डीबी_नेम आणि डीबी_युजर. 'डब्ल्यूपी कॉन्फिग लिस्ट डीबी_' दिलंत तर नावात डीबी_ असलेलं सगळं एका तक्त्यात येईल, पण त्यात पासवर्डही उघडाच दिसतो. स्क्रीन शेअर चालू असेल किंवा कुणाला स्क्रीनशॉट पाठवायचा असेल तर ही कमांड देऊ नका.

किंमती, म्हणजे या कॉन्स्टंटमध्ये भरलेली माहिती, हाती आल्या की जोडणी तपासायला 'डब्ल्यूपी डीबी क्वेरी' आणि अवतरणात 'सिलेक्ट १'. 'डीबी' गटातल्या बहुतेक कमांड कॉन्फिगमधून फक्त नाव-पासवर्ड घेतात आणि थेट मायएसक्यूएलच्या, म्हणजे डेटाबेस सांभाळणाऱ्या सॉफ्टवेअरच्या, साधनांकडे जातात. त्यामुळे इथे येणारा एरर खरा डेटाबेसचा असतो, एखाद्या प्लगइनचा नाही. हे सगळं साइटच्या मालक युजरने करा, रूटने (सर्व्हरवर सगळे अधिकार असलेल्या युजरने) नको.

डब्ल्यूपी-सीएलआय नसेल तेव्हा: रिकामी सेटिंग्ज फाइल

अनेक छोट्या ग्राहकांचं होस्टिंग शेअर्ड असतं आणि तिथे डब्ल्यूपी-सीएलआय असेलच असं नाही. अशा वेळी एक युक्ती फार कामाची आहे, आणि ती वर्डप्रेसच्या नेहमीच्या कॉन्फिग फाइलच्या रचनेवरच उभी आहे.

फाइलच्या शेवटाकडे पाहा. एबीएसपाथ हा कॉन्स्टंट आधी ठरलेला नसेल तरच तो इथे ठरवा, असं तिथे लिहिलेलं असतं. त्याखालच्या ओळीत एबीएसपाथला डब्ल्यूपी-सेटिंग्ज.पीएचपी हे नाव जोडून ती फाइल ओढलेली असते. मग एबीएसपाथ आपणच आधी ठरवला आणि तो एका रिकाम्या सेटिंग्ज फाइलकडे वळवला तर? कॉन्फिग पूर्ण वाचलं जाईल, शेवटी रिकामी फाइल ओढली जाईल, आणि गोष्ट तिथेच संपेल.

सीपॅनेलच्या फाइल मॅनेजरमध्ये पब्लिक_एचटीएमएलच्या (ज्यातल्या फायली वेबवरून उघडता येतात त्या फोल्डरच्या) बाहेर 'टूल्स' नावाचं फोल्डर करा. त्यात 'रिकामं' या अर्थाचं आणखी एक फोल्डर, आणि त्यात डब्ल्यूपी-सेटिंग्ज.पीएचपी नावाची पूर्ण कोरी फाइल. मग टूल्समध्ये स्क्रिप्टची फाइल बनवा. पीएचपीच्या सुरुवातीच्या खुणेनंतर पहिल्या ओळीत पीएचपी_एसएपीआय हा कॉन्स्टंट 'सीएलआय' नसेल तर बाहेर पडा, म्हणजे चुकून कुणी ब्राउझरमधून ही फाइल चालवली तरी काही उघडं पडणार नाही. पुढच्या ओळीत एबीएसपाथ डिफाइन करा, किंमत त्या रिकाम्या फोल्डरचा पूर्ण पाथ. पाथच्या शेवटी तिरकी रेघ हवीच. ती राहिली तर फोल्डरचं आणि फाइलचं नाव एकमेकांना चिकटतं आणि फाइल सापडत नाही. त्यानंतर खऱ्या डब्ल्यूपी-कॉन्फिग.पीएचपीचा पूर्ण पाथ देऊन ती रिक्वायर करा. मग हव्या त्या किंमती इको करा.

पासवर्ड छापू नका, त्याची लांबी छापा. आउटपुट साधारण असं दिसायला हवं:

होस्ट : १२७.०.०.१:३३०७
डेटाबेस : मंडळ_वेब
युजर : मंडळ_युजर
पासवर्ड : १८ अक्षरं
प्रीफिक्स : डब्ल्यूपी_

लांबीवरून बरंच कळतं. शून्य आली तर पासवर्ड कॉन्फिगपर्यंत पोचतच नाहीये. एखादं अक्षर जास्त आलं तर कॉपी-पेस्ट करताना शेवटी स्पेस चिकटली असणार, आणि हा प्रकार वाटतो त्यापेक्षा खूप जास्त वेळा होतो.

टर्मिनल नसेल तर हीच स्क्रिप्ट सीपॅनेलच्या क्रॉन जॉबमधून (ठरलेल्या वेळी आपोआप कमांड चालवण्याच्या सोयीतून) एकदा चालवा, आउटपुट ईमेलवर येतं. काम झालं की तो जॉब आठवणीने काढून टाका.

आता ही युक्ती कुठे फसते ते. कॉन्फिगच्या शेवटच्या ओळीत एबीएसपाथ नसून थेट डीआयआर (फाइल ज्या फोल्डरमध्ये आहे त्याचा पाथ देणारा कॉन्स्टंट) वापरून सेटिंग्ज फाइल ओढलेली असेल, तर आपला एबीएसपाथ कुणी विचारणारच नाही आणि खरं वर्डप्रेस सुरू होईल. म्हणून स्क्रिप्ट चालवण्याआधी ती ओळ डोळ्यांनी वाचा. कॉन्फिगमध्येच एबीएसपाथच्या आधाराने दुसरी एखादी फाइल ओढली असेल तर ती रिकाम्या फोल्डरमध्ये सापडणार नाही. एकाच कॉन्फिगवर अनेक डोमेन चालत असतील तर ते कॉन्फिग पीएचपीच्या 'सर्व्हर' नावाच्या ॲरेमधलं एचटीटीपी_होस्ट वाचतं, आणि कमांड लाइनवर ते नसतंच. अशा साइटसाठी कॉन्फिग ओढण्याआधी स्क्रिप्टमध्ये ते डोमेनचं नाव स्वतः भरा.

आणखी एक. कॉन्फिग एखाद्या फंक्शनच्या आत रिक्वायर करू नका. कॉन्स्टंट कुठूनही दिसतात, पण टेबल_प्रीफिक्स हे साधं व्हेरिएबल आहे. ते त्या फंक्शनपुरतंच राहील आणि बाहेर रिकामं दिसेल.

कायमची सोय: किंमती वेगळ्या फाइलमध्ये

वरची युक्ती दुसऱ्याने बनवलेली साइट अचानक गळ्यात पडते तेव्हासाठी आहे. साइट आपल्याच देखरेखीखाली असेल तर कॉन्फिगचे सरळ दोन भाग करावेत, या मताचा मी आहे.

पब्लिक_एचटीएमएलच्या बाहेर साइट-व्हॅल्यूज.पीएचपी अशी फाइल करा. तिच्यात फक्त किंमती: डेटाबेसचे कॉन्स्टंट, किल्ल्या आणि टेबल_प्रीफिक्स. एबीएसपाथ नको, सेटिंग्जची ओळ नको, कुठलाही जर-तर नको. डब्ल्यूपी-कॉन्फिग.पीएचपीमध्ये सुरुवातीला ही फाइल रिक्वायर करा, आणि एबीएसपाथचा तुकडा व सेटिंग्जची ओळ तिथेच राहू द्या. आता बॅकअपची, तपासणीची, कुठलीही स्क्रिप्ट फक्त व्हॅल्यूज फाइल ओढेल आणि वर्डप्रेसच्या वाटेला जाणारच नाही.

सेटिंग्जची ओळ कॉन्फिगमध्येच ठेवायला सांगतोय त्याला कारण आहे. ती दुसऱ्या फाइलमध्ये हलवली की डब्ल्यूपी-सीएलआय तुमची कॉन्फिग फाइल विचित्र आहे असं सांगून काम थांबवतं, कारण त्याला गाळायची ओळच सापडत नाही.

अशी विभागणी केल्यावर 'डब्ल्यूपी कॉन्फिग गेट' पूर्वीसारखंच चालतं, पण 'डब्ल्यूपी कॉन्फिग सेट' जपून वापरा. ते फक्त डब्ल्यूपी-कॉन्फिग.पीएचपीत बदल करतं, आणि कॉन्स्टंट तिथे नसला तर नवा लिहून टाकतं. आता तोच कॉन्स्टंट दोन ठिकाणी झाला. पीएचपी पहिली व्याख्या धरतं, म्हणजे व्हॅल्यूज फाइलमधली जुनी किंमतच चालू राहते. बदल केलाय असं आपल्याला वाटत राहतं आणि साइट हलत नाही. किंमत बदलायची ती व्हॅल्यूज फाइल उघडूनच बदला.

व्हॅल्यूज फाइलची परवानगी ६०० (फक्त मालकाला वाचता-लिहिता येईल अशी) ठेवा, पीएचपी तुमच्याच युजरने चालत असेल तर. वेब सर्व्हर वेगळ्या युजरने पण त्याच ग्रुपमधून वाचत असेल तर ६४०. काही होस्टिंगवर ओपन_बेसडीर हे पीएचपीला ठरावीक फोल्डरपुरतं बांधणारं बंधन लावलेलं असतं आणि पब्लिक_एचटीएमएलच्या बाहेरची फाइल वाचू देत नाहीत. तिथे होस्टिंगवाल्यांना सांगून तो पाथ चालू करून घ्या.

हे बदल करताना मूळ फाइलची प्रत त्याच फोल्डरमध्ये .बॅक किंवा .ओल्ड असं शेपूट लावून ठेवू नका. ब्राउझरमध्ये कुणी तो पत्ता टाकला तर वेब सर्व्हर अशी फाइल बहुधा पीएचपी म्हणून चालवत नाही, आतला मजकूर तसाच्या तसा पाठवतो. पासवर्डसकट.

बदलानंतर टर्मिनलवर नवी किंमत आणि साइटवर जुनीच असं दिसलं, तर ऑपकॅशकडे, म्हणजे पीएचपी फायली तयार स्वरूपात साठवून ठेवणाऱ्या कॅशकडे, पाहा. काही सर्व्हरवर फाइल बदलली का हे तपासणं मुद्दाम बंद ठेवलेलं असतं. पीएचपी रीस्टार्ट केल्याशिवाय तिथे नवी फाइल उचलली जात नाही.

पासवर्ड फाइलमध्ये नसेल तर

डॉकर (साइट वेगळ्या कंटेनरमध्ये चालवण्याचं साधन) आणि क्लाउडवरच्या साइट्समध्ये अनेकदा कॉन्फिग फाइल पासवर्ड स्वतःकडे ठेवत नाही, गेटएनव्ही या फंक्शनने वातावरणातून, म्हणजे एनव्हायर्नमेंट व्हेरिएबल्समधून, घेते. चांगली पद्धत आहे, पण वेगळ्या वाटेने कॉन्फिग वाचताना इथे ठेच लागते. क्रॉनला तुमच्या टर्मिनलमधली एनव्हायर्नमेंट व्हेरिएबल्स मिळत नाहीत. वेब सर्व्हरसाठी पीएचपी चालवणाऱ्या पीएचपी-एफपीएममध्येही क्लिअर_एनव्ही हा पर्याय मुळात चालू असतो, म्हणजे बाहेरची व्हेरिएबल्स आत येत नाहीत. गेटएनव्हीला काही सापडलं नाही की ते फॉल्स देतं आणि पासवर्ड रिकामा होतो.

याची खूण मायएसक्यूएलच्या एररमध्ये मिळते. प्रवेश नाकारल्याच्या १०४५ क्रमांकाच्या संदेशाच्या शेवटी कंसात पासवर्ड वापरला की नाही ते लिहिलेलं असतं. तिथे 'नो' दिसलं तर पासवर्ड चुकलेला नाही, तो पाठवलाच गेलेला नाही. मग पासवर्ड बदलत बसू नका, व्हेरिएबल कुठे गळतंय ते शोधा.

फाइलमध्ये नसलेल्या गोष्टी

कॉन्फिग हाती आलं म्हणजे साइटच्या सगळ्या सेटिंग्ज हाती आल्या असं नाही. साइटचं नाव, साइटचा पत्ता, चालू प्लगइन्सची यादी, चालू थीम, पर्मालिंकची रचना, टाइमझोन हे सगळं डेटाबेसातल्या ऑप्शन्स टेबलात असतं. प्लगइन्सच्या फोल्डरवरून कुठली प्लगइन्स आहेत ते कळतं, चालू कुठली ते कळत नाही.

यातला पत्ता फाइलमध्ये आणता येतो. डब्ल्यूपी_होम आणि डब्ल्यूपी_साइटयूआरएल हे दोन कॉन्स्टंट डिफाइन केले की टेबलातल्या किंमतींऐवजी तेच चालतात. ॲडमिनमध्ये ते दोन रकाने मग करडे होतात, त्याने घाबरू नका. बाकीच्यांसाठी डेटाबेस धड असतानाच रोज रात्री 'डब्ल्यूपी प्लगइन लिस्ट'चा चालू प्लगइन्सपुरता तक्ता जेसन स्वरूपात एका फाइलमध्ये उतरवून ठेवा. सगळं ऑप्शन्स टेबल ओतू नका, त्यात पेमेंट गेटवेच्या किल्ल्याही असतात.

टाइमझोनचा घोळ मुंबईत हमखास होतो. टेबलात एशिया/कोलकाता लिहिलेलं असतं, पण आपली स्क्रिप्ट टेबलापर्यंत जातच नाही, आणि पीएचपीत वेगळं काही सांगितलं नसेल तर ती यूटीसी धरते. आपल्या रात्री २ वाजता यूटीसीत आदल्या दिवशीचे रात्रीचे ८:३० वाजलेले असतात. म्हणजे मंगळवारी पहाटे घेतलेल्या बॅकअप फाइलवर सोमवारची तारीख पडते, आणि घाईच्या वेळी कुणीतरी चुकीची फाइल परत चढवतं. स्क्रिप्टच्या सुरुवातीलाच टाइमझोन ठरवून टाका. हे डब्ल्यूपी-कॉन्फिगमध्ये करू नका. वर्डप्रेस स्वतः पीएचपीचा टाइमझोन यूटीसी ठेवतं आणि त्यावरच त्याचे तारखांचे हिशोब चालतात.

बॅकअप स्क्रिप्टबद्दल अजून दोन गोष्टी. डीबी_होस्टमध्ये कधीकधी होस्ट आणि पोर्ट अपूर्णविरामाने (:) जोडलेले असतात. वर्डप्रेस ते सोडवून घेतं, पण मायएसक्यूएलडंप या बॅकअप घेणाऱ्या कमांडला होस्ट आणि पोर्ट वेगवेगळे द्यावे लागतात. आणि पासवर्ड कमांडमध्ये उघडा लिहू नका, सर्व्हरवरच्या दुसऱ्या कुणाला प्रोसेसच्या यादीत तो दिसू शकतो. ६०० परवानगीची छोटी फाइल करून ती --डिफॉल्ट्स-एक्स्ट्रा-फाइल या पर्यायाने द्या.

भाविकांना, वाचकांना काय दिसावं

डब्ल्यूपी-कंटेंटमध्ये डीबी-एरर.पीएचपी नावाची फाइल ठेवली की जोडणी तुटल्यावर वर्डप्रेस आपली रूक्ष ओळ न दाखवता ही फाइल दाखवतं. या क्षणी कॉन्फिगचे कॉन्स्टंट हाताशी असतात, पण थीम, मेनू, ऑप्शन्स काहीच नसतं. म्हणून पान एकटं उभं राहील असं लिहा. सीएसएस आतच, चित्र नको. सर्वांत आधी ५०३ (सेवा सध्या उपलब्ध नाही) हा स्टेटस पाठवा आणि परत कधी यायचं ते सांगणारं रिट्राय-आफ्टर हेडर द्या, म्हणजे गूगलला कळतं की साइट तात्पुरती बंद आहे. कंटेंट-टाइपमध्ये यूटीएफ-८ स्पष्ट लिहा. ते राहिलं तर मराठी मजकुराच्या जागी अगम्य चिन्हं दिसण्याचा धोका असतो, आणि लोक साइट हॅक झाली म्हणून फोन करतात. आरतीच्या वेळा किंवा दुकानाचा फोन नंबर अशी लोकांना खरोखर हवी असलेली माहिती त्याच पानावर थेट लिहून ठेवा.

दुरुस्ती चालू असताना साइट मुद्दाम बंद ठेवायची असेल तर मूळ फोल्डरमध्ये .मेंटेनन्स फाइल करा आणि तिच्यात अपग्रेडिंग या व्हेरिएबलला टाइम फंक्शनची किंमत द्या. ही तपासणी डेटाबेसच्या आधी होते, त्यामुळे अडखळणाऱ्या डेटाबेसवर नव्या पाहुण्यांचा भार पडत नाही. तिथे ठरावीक वेळ आकड्यात लिहिलीत तर १० मिनिटांनी वर्डप्रेस ती फाइल जुमानत नाही. काम संपलं की फाइल काढा.

गर्दीच्या आधी तपासून पाहा

हे सगळं चालतं की नाही हे साइट बंद पडल्यावर कळून उपयोग नाही. टेस्ट साइटवर डीबी_होस्ट बदलून १२७.०.०.१:३३९९ करा, म्हणजे जिथे काहीच चालू नाही असं पोर्ट. नकार लगेच मिळतो, वाट पाहावी लागत नाही. आता तुमची स्क्रिप्ट चालवा: होस्टच्या ओळीत हाच पत्ता छापून आला पाहिजे आणि एकही एरर येता कामा नये. स्क्रिप्ट अडकली तर अजून कुठूनतरी खरी सेटिंग्ज फाइल ओढली जातेय, परत त्या शेवटच्या ओळीकडे जा. मग ब्राउझरमध्ये साइट उघडून डीबी-एररचं पान मोबाइलवर कसं दिसतं ते पाहा, आणि डेव्हलपर टूल्समध्ये स्टेटस ५०३च आहे याची खात्री करा.

जूमला किंवा ड्रुपल ही वर्डप्रेससारखी दुसरी सॉफ्टवेअर वापरणाऱ्यांनाही हीच तपासणी लागू आहे. जूमलाचं काम सोपं: कॉन्फिग्युरेशन.पीएचपी म्हणजे जेकॉन्फिग नावाचा एक क्लास, ती फाइल एकटी ओढली तर कुठलीही जोडणी होत नाही. ड्रुपलमध्ये डेटाबेसचा पत्ता सेटिंग्ज.पीएचपीत असतो आणि बाकीचं बहुतेक कॉन्फिग डेटाबेसात, म्हणून तिथे ड्रश या ड्रुपलच्या कमांड लाइन साधनाच्या कॉन्फिग:एक्सपोर्टने ते वेळोवेळी फायलींत उतरवून ठेवावं लागतं.